यू-१६० आणि मुरगावचा रेडिओ

गेल्या महिन्यात राजगड उतरून गुंजवण्यात चहाला थांबलो होतो. गप्पा गडावरून गोव्यावर आणि गोव्यावरून 'द सी वुल्व्स'वर कधी गेल्या कळलंच नाही. ग्रेगरी पेक, रॉजर मूर, डेव्हिड निवेन, १९८० चा सिनेमा. एक मित्र ठामपणे म्हणाला, "गोव्यातला एक ट्रान्समीटर बंद केला आणि हिंदी महासागरातल्या सगळ्या जर्मन पाणबुड्या आंधळ्या झाल्या." वाक्य झकास आहे. पण ज्या पाणबुड्यांबद्दल ते बोललं जातं, त्यांच्या कप्तानांकडून कुणी ही गोष्ट बघत नाही. या वीकेंडला तेच करू या.

आधी मूळ गोष्ट थोडक्यात. युद्ध सुरू झाल्यावर ब्रिटिशांच्या हाती लागू नये म्हणून काही जहाजं मुरगाव बंदरात शिरली. एहरेनफेल्स, ब्राउनफेल्स आणि द्राखेनफेल्स ही तीन जर्मन, शिवाय आन्फोरा हे इटालियन. गोवा पोर्तुगालचा, आणि पोर्तुगाल तटस्थ. म्हणजे ब्रिटिशांना हात लावता येईना. जहाजं तिथेच नांगर टाकून पडून राहिली. १९४३ पर्यंत ब्रिटिश गुप्त खात्याची खात्री झाली की एहरेनफेल्सवरच्या छुप्या रेडिओवरून मित्रराष्ट्रांच्या जहाजांची बातमी पाणबुड्यांना जातेय.

उघड हल्ला केला तर पोर्तुगाल दुखावणार. म्हणून काम कुणाला दिलं? कलकत्ता लाइट हॉर्स या हौशी घोडदळाला! चाळिशी-पन्नाशीचे व्यापारी, चहावाले, हिशेबनीस. संध्याकाळी क्लबात बसणारी माणसं. सोबत कलकत्ता स्कॉटिशचे चौघे. 'फीबी' नावाचा गाळ वाहणारा एक बार्ज कलकत्त्याहून वळसा घालून आला, बरेचसे जण रेल्वेने कोचीनला येऊन त्यावर चढले, आणि ९ मार्च १९४३ च्या रात्री ही मंडळी एहरेनफेल्सवर उतरली. झटापटीत जर्मन कप्तान आणि त्याचे काही खलाशी मारले गेले. धोका ओळखून जर्मनांनीच जहाज बुडवायला घेतलं, बाकी तीन जहाजांवरच्या लोकांनीही तेच केलं. सगळं इतकं गुप्त की हल्ला करणाऱ्यांना पदकही मिळालं नाही. १९७८ मध्ये जेम्स लीझरचं 'बोर्डिंग पार्टी' आलं तेव्हा कुठे जगाला कळलं.

इथवर ठीक. भानगड पुढच्या हिशेबात आहे. तो साधारण असा मांडतात: मार्चच्या पहिल्या अकरा दिवसांत पाणबुड्यांनी बाराएक जहाजं बुडवली, आणि हल्ल्यानंतर तो आकडा एकदम कोसळला. म्हणजेच रेडिओ गेला, पाणबुड्या आंधळ्या झाल्या.

आता दुसरी बाजू बघा. त्या अकरा दिवसांतली सहा जहाजं एकट्या एका माणसाच्या नावावर आहेत. गेओर्ग लासेन, यू-१६० चा कप्तान, वय २७. आपल्याकडे या वयाला माणूस टीम लीड होतो.

लासेन बर्लिनचा, जन्म १९१५ चा. १९३५ मध्ये नौदलात शिरला. युद्ध सुरू झालं तेव्हा तो यू-२९ वर दुय्यम अधिकारी होता. याच पाणबुडीने १७ सप्टेंबर १९३९ ला 'करेजस' ही ब्रिटिश विमानवाहू नौका बुडवली. ऑक्टोबर १९४१ मध्ये त्याच्या हातात नवी कोरी यू-१६० आली. नवव्या प्रकारची, लांब पल्ल्याची पाणबुडी. पृष्ठभागावर अठरा नॉट वेग, पाण्याखाली जेमतेम सात, आणि पोटात २२ पाणतीर. हे आकडे लक्षात ठेवा, पुढे लागतील. त्या काळची पाणबुडी म्हणजे खरं तर गरज पडली तर बुडी मारणारी बोट. शिकार ती बहुतेक वेळा रात्री, पृष्ठभागावरूनच करायची.

पहिल्याच गस्तीवर तो अमेरिकेच्या किनाऱ्यावर गेला आणि २९ मार्च १९४२ ला 'सिटी ऑफ न्यूयॉर्क' हे प्रवासी जहाज बुडवलं. त्यातली एक बाई लाइफबोटीत, खवळलेल्या समुद्रात बाळंत झाली. त्यांना वाचवणाऱ्या विनाशिकेचं नाव 'रोपर', तेच त्या मुलाच्या नावात आलं. कप्तानांच्या कारकिर्दीचे तक्ते टनांत मोजले जातात, त्यात हे बाळ कुठेच बसत नाही. लासेनच्या तक्त्यात शेवटी २६ जहाजं आणि दीड लाखाहून जास्त टन आहेत.

जानेवारी १९४३ मध्ये यू-१६० फ्रान्समधल्या लोरियाँहून निघाली. जर्मनांनी 'झेहुंड' नावाचा एक छोटा गट दक्षिण आफ्रिकेकडे पाठवला होता. त्यात पाच मोठ्या पाणबुड्या: यू-१६०, यू-१८२, यू-५०६, यू-५०९ आणि यू-५१६. वाटेत तेल भरायला यू-४५९ ही टँकर पाणबुडी. ३ मार्चला दरबानच्या दक्षिणेला लासेनला डीएन-२१ हा ताफा दिसला. दहा-अकरा मालवाहू जहाजं, आणि राखणीला एक कॉर्व्हेट व काही सशस्त्र ट्रॉलर. ३-४ मार्चच्या रात्री त्याने चार जहाजं बुडवली आणि दोन जायबंदी केली. ८ तारखेला आणखी एक, ११ तारखेला आणखी एक. मध्ये ७ मार्चला जर्मनीहून वायरलेसने निरोप आला: नाइट्स क्रॉसवर ओक लीव्ह्ज. त्यानंतर दोनच दिवसांनी मुरगावात एहरेनफेल्स बुडालं.

तारखा किती सुरेख जुळतात बघा! पण जागा?

दरबान ते मुरगाव अंतर साडेसहा हजार किलोमीटरहून जास्त. डीएन-२१ दरबानहून निघालेला ताफा. मुरगावच्या धक्क्यावर किंवा मुंबईच्या गोदीत कान लावून बसलेल्या माणसाला त्याची खबर असायचं कारणच काय? आणि ११ मार्चनंतर लासेनचा आकडा शून्य झाला, पण त्याला रेडिओ कशाला हवा? २२ पाणतीर घेऊन जानेवारीत निघालेली बोट, मार्चच्या मध्यावर तिचे पाणतीर संपत आलेले, तेल घरी पोचण्यापुरतं राखायचं. ती परत फिरली आणि १० मे ला बोर्दोला पोचली. गटातल्या बाकीच्या बोटींचं वेळापत्रकही थोडंफार असंच. एकदम निघाल्या, एकदम रिकाम्या झाल्या, एकदम परतल्या. आकडा कोसळणारच होता, मुरगावात काहीही घडलं नसतं तरी.

आमच्या धंद्यात हे रोज होतं. रात्री दोनला सर्व्हर मंदावतो, कुणीतरी एक सेटिंग बदलतं, अडीचला सगळं सुरळीत. सकाळच्या मीटिंगमध्ये त्या सेटिंगचा सत्कार होतो. मग कुणीतरी लॉग उघडतं, तर दोन वीसला बॅकअप आपोआप संपलेला असतो.

याचा अर्थ एहरेनफेल्सवर रेडिओ नव्हता किंवा त्या पन्नाशीतल्या घोडेस्वारांना हिंमत नव्हती, असा नाही. शत्रूची चार जहाजं कायमची निकामी झाली, हेही छोटं काम नव्हे. प्रश्न फक्त त्या "म्हणजेच" चा आहे.

आणि खरी परीक्षा पुढे आहे. पाणबुड्या गोव्याच्या रेडिओवर चालत असत्या, तर मार्च १९४३ नंतर आपला किनारा निर्धास्त व्हायला हवा होता. झालं उलटं. त्याच वर्षी सप्टेंबर-ऑक्टोबरमध्ये 'मॉन्सून' गट अरबी समुद्रात आला. २ ऑक्टोबरला यू-१६८ ने मुंबईच्या नैर्ऋत्येला 'हायचिंग' बुडवलं. ११ ऑक्टोबरला यू-५३२ ने मलबार किनाऱ्याजवळ 'जलबाला' बुडवलं. हे जहाज सिंदिया कंपनीचं, वालचंद हिराचंदांनी ब्रिटिशांच्या मक्तेदारीला टक्कर देत उभी केलेली आपली कंपनी. एहरेनफेल्स तेव्हा सात महिने चिखलात रुतून पडलं होतं.

सिनेमात हे येत नाही, कारण त्याने गोष्टीचा शेवट बिघडतो. पण त्याच्यासोबत माणसंही गळतात. डीएन-२१ मध्ये लासेनने बुडवलेल्या चारांपैकी एक 'निरपुरा', ब्रिटिश इंडिया कंपनीचं. त्या काळी मुंबईहून भरती होणाऱ्या जहाजांवर डेकवर रत्नागिरीकडचे खलाशी आणि भटारखान्यात, सलूनमध्ये गोवेकर असायचे. त्या युद्धात व्यापारी जहाजांवर सहा हजारांहून जास्त हिंदी खलाशी गेले. त्यांच्या नावांची वही मुंबईत मशीद बंदर भागातल्या इंडियन सेलर्स होममध्ये आहे. तिथे कुणी ट्रेकहून परतताना थांबत नाही.

लासेनचं पुढे काय झालं? जून १९४३ मध्ये त्याला किनाऱ्यावर बोलावून प्रशिक्षणाच्या कामावर लावलं. यू-१६० नव्या कप्तानाला मिळाली. १४ जुलै १९४३ ला अझोर्सच्या दक्षिणेला 'सँटी' या अमेरिकन विमानवाहू नौकेच्या विमानांनी ती बुडवली. सगळेच्या सगळे ५७ जण गेले. यू-१८२ मे महिन्यात परतीच्या वाटेवरच गेली होती. यू-५०६ १२ जुलैला, यू-५०९ १५ जुलैला. दरबानच्या पाण्यात गेलेल्या पाचांतली एकटी यू-५१६ युद्ध संपेपर्यंत टिकली. हे कसं झालं? अटलांटिकवर आता विमानं पोचत होती, रडार होतं, आणि ब्लेचली पार्कमध्ये जर्मनांचे सांकेतिक संदेश उलगडले जात होते. पाणबुड्यांना घरघर लावणारा रेडिओ खराच होता. फक्त तो मुरगावातला नव्हता, तो त्यांच्या स्वतःच्या बोटीवरचा होता.

लासेन २०१२ साली वारला, वयाच्या ९६ व्या वर्षी. त्याच्या कारकिर्दीत कौशल्य होतं यात शंका नाही. पण १९४३ च्या त्या जूनमध्ये बदलीचा कागद महिनाभर उशिरा निघाला असता, तर त्या ५७ जणांत तोही असता.