ज्याँ-बातिस्त : दोन शब्द, एक माणूस आणि मधली छोटी रेघ

शाळेत लॅमार्कवाद शिकलात, बारावीला बियो-सावार नियम (वर्गात आपण ‘बायो-सॅव्हर्ट’ म्हणतो तो) पाठ केलात, सेंद्रिय रसायनात नायट्रोजन मोजायची ड्यूमा पद्धत पाहिलीत, पुढे बी.एस्सी.ला फूरिए श्रेणीने घाम काढला. या चारही गोष्टींमागे चार फ्रेंच माणसं आहेत, आणि चौघांच्याही जन्मनावाची सुरुवात एकच आहे : ज्याँ-बातिस्त. अणूंचं अस्तित्व प्रयोगाने पक्कं करणारा, 1926 चं भौतिकीचं नोबेल मिळवणारा पेरँ हा पाचवा. मीटर ठरवण्यासाठी डंकर्क ते बार्सिलोना रेखावृत्ताची मोजणी झाली, तिचा उत्तरेकडचा भाग मोजणारा दलाँब्र हा सहावा.

एवढे ज्याँ-बातिस्त आले कुठून? आणि नावाच्या अभ्यासाचा संशोधनाशी काय संबंध? माझ्या मते बराच आहे. संशोधनाला लागलात की पहिलं काम संदर्भ शोधायचं असतं, आणि संदर्भ शोधायचा म्हणजे आधी माणूस शोधायचा. त्यासाठी त्याचं नाव कसं बनलंय ते कळायला हवं.

मराठी डोळ्याला काय दिसतं

‘महादेव गोविंद रानडे’ हे नाव वाचताना आपल्याला कुणी काही समजावून सांगावं लागत नाही. महादेव हे त्यांचं नाव, गोविंद वडिलांचं आणि रानडे आडनाव. ही सवय इतकी मुरलेली आहे की ‘ज्याँ बातिस्त लॅमार्क’ असं दिसलं की डोळा तीच चौकट लावतो. म्हणजे ज्याँ हा मुलगा आणि बातिस्त त्याचे वडील!

तसं नाही. लॅमार्कच्या वडिलांचं नाव फिलिप होतं. ‘ज्याँ-बातिस्त’ हे अख्खं एकच नाव आहे आणि ते एकाच माणसाचं आहे. मधलं संयोगचिन्ह नेमकं तेच सांगतं. छापताना ते गळलं की बातिस्त हा आपल्या दृष्टीने वडील होतो आणि इंग्रजी पद्धतीत ‘मधलं नाव’ होतो. एका छोट्या रेघेवर एवढं सगळं अवलंबून असतं.

उच्चाराचंही सांगून टाकतो. स्पेलिंगमध्ये ‘प’ आहे, पण फ्रेंच माणूस तो उच्चारत नाही. म्हणून बाप्टिस्ट नाही, बातिस्त.

अर्थ

पहिला शब्द हिब्रूतून निघाला. ‘योहानान’ म्हणजे ‘देवाने कृपा केली’. ग्रीकमध्ये त्याचं योआनेस झालं, लॅटिनमध्ये योहानेस, जुन्या फ्रेंचमध्ये जेहाँ आणि शेवटी ज्याँ. इंग्रजीतला जॉन, जर्मनमधला योहान, स्पॅनिशमधला हुआन, पोर्तुगीजमधला जुआंव, अरबीतला याह्या ही सगळी याच घरातली भावंडं. मराठी बायबलात तो ‘योहान’ आहे.

दुसरा शब्द ग्रीक. ‘बाप्तिझेइन’ म्हणजे बुडवणं आणि ‘बाप्तिस्तेस’ म्हणजे बुडवणारा. यार्देन नदीत लोकांना बाप्तिस्मा देणारा योहान, ज्याच्या हातून येशूचाही बाप्तिस्मा झाला, त्याचं हे बिरुद. मराठी बायबलात त्याला ‘बाप्तिस्मा करणारा योहान’ म्हटलंय. म्हणजे ‘बातिस्त’ हे मुळात नावच नाही, ती कामावरून पडलेली ओळख आहे. फ्रेंच आईबापांनी ओळखीसकट ते नाव उचललं आणि मुलाला दिलं.

एक जादा शब्द का लागला?

कारण योहान दोन होते. एक बाप्तिस्मा करणारा, ज्याचा सण 24 जूनला असतो. दुसरा शुभवर्तमान लिहिणारा, ज्याचा सण 27 डिसेंबरला. नुसतं ‘ज्याँ’ म्हटलं तर कुठला, हा प्रश्न उरतो. त्यात फ्रान्समध्ये शतकानुशतकं ज्याँ हे इतकं लोकप्रिय नाव होतं की गल्लीत हाक मारली तर चारजण वळून बघावेत. शिवाय मुलाचं नाव बऱ्याचदा धर्मपित्याच्या नावावरून ठेवलं जायचं. त्यामुळे एका घरात दोन सख्ख्या भावांचं नाव ज्याँ, असंही व्हायचं.

याचं सगळ्यात स्वच्छ उदाहरण बर्नादोत. पो गावात 1763 मध्ये जन्मलेला हा मुलगा पुढे नेपोलियनचा मार्शल झाला आणि 1818 मध्ये चक्क स्वीडनचा राजा. त्याचं नाव ज्याँ ठेवलं होतं, पण थोरल्या भावाचं नावही ज्याँच होतं. मग थोरला झाला ज्याँ-एव्हांजेलिस्त, म्हणजे शुभवर्तमानकार योहान, आणि धाकटा ज्याँ-बातिस्त. दोन भावांमध्ये दोन संत वाटून दिले!

नाटककार मोलिएरचंही तसंच. 15 जानेवारी 1622 च्या बाप्तिस्मा नोंदीत तो नुसता ‘ज्याँ’ आहे. पुढे धाकट्या भावाचं नावही ज्याँ ठेवलं गेलं आणि हा घरात ज्याँ-बातिस्त झाला. आता समजा, तुम्ही चर्चच्या वहीत ‘ज्याँ-बातिस्त पोकलँ’ शोधत बसलात. तो सापडणारच नाही. वही बरोबर आहे आणि तुमचं नावही बरोबर आहे, फक्त दोन्ही वेगवेगळ्या काळातली आहेत.

वह्या, क्रांती आणि कायदा

नाव टिकलं ते नुसत्या श्रद्धेवर नाही. 1539 मध्ये राजा पहिला फ्रान्स्वा याने व्हिलेर-कोत्रे इथून हुकूम काढला आणि पाद्र्यांना बाप्तिस्म्याच्या वह्या ठेवायला लावल्या. 1566 च्या रोमन धर्मप्रश्नोत्तरीत मुलांना संतांची नावं द्यावीत असं सांगितलं गेलं. वही चर्चची, नाव संताचं आणि प्रसंग बाप्तिस्म्याचा. अशा वेळी बाप्तिस्मा देणाऱ्या संताचं नाव सुचणं किती साहजिक आहे, बघा.

फ्रेंच राज्यक्रांतीत, 20 सप्टेंबर 1792 च्या कायद्याने जन्मनोंदणी चर्चकडून काढून नगरपालिकांकडे दिली गेली. पण नावं बदलली नाहीत. उलट 1 एप्रिल 1803 चा कायदा आला. क्रांतीच्या पंचांगात ती तारीख ‘11 जर्मिनाल, वर्ष 11’ अशी लिहितात, संदर्भ शोधताना दोन्ही रूपं भेटतील. या कायद्याप्रमाणे मुलाला फक्त पंचांगातलं किंवा प्राचीन इतिहासातल्या व्यक्तीचं नाव देता येत होतं. ज्याँ-बातिस्त पंचांगात होताच, त्यामुळे त्याला कुणी अडवलं नाही. काळाच्या ओघात हा नियम सैल होत गेला आणि 8 जानेवारी 1993 च्या कायद्याने आईबापांना नाव निवडायची मोकळीक दिली.

पण म्हणून नाव कॅथलिक दिसलं की माणूस कॅथलिक, असा निष्कर्ष काढू नका. सतराव्या शतकात सुरत, गोवळकोंडा अशा ठिकाणी हिऱ्यांचा व्यापार करत फिरलेला, 1676 मध्ये प्रवासवर्णन छापणारा ताव्हेर्निए हाही ज्याँ-बातिस्तच होता, आणि तो प्रोटेस्टंट होता. नाव हा पुरावा आहे, पण कशाचा पुरावा आहे हे दरवेळी तपासावं लागतं.

नाव प्रवासाला निघतं तेव्हा

संगीतकार ज्याँ-बातिस्त ल्युली 1632 मध्ये फ्लॉरेन्सला जन्मला तेव्हा ‘जोव्हानी बात्तिस्ता लुल्ली’ होता. फ्रेंच दरबारात आला आणि नावाचं भाषांतर झालं. ‘गॅस’ हा शब्द घडवणारा ब्रुसेल्सचा व्हान हेल्माँट डच ग्रंथात ‘यान बाप्टिस्ट’ आहे, फ्रेंच ग्रंथात ‘ज्याँ-बातिस्त’ आणि स्वतःच्या लॅटिन पुस्तकावर ‘योआनेस बाप्तिस्ता’. तीन नावं, माणूस एक. ग्रंथालयाच्या सूचीत एकाच रूपाने शोधलं तर उरलेलं साहित्य हातचं गेलंच समजा.

हाच संत पोर्तुगिजांबरोबर आपल्या किनाऱ्यावरही आला. गोव्यात 24 जूनला सांजांव असतो. डोक्यावर फुलापानांचा ‘कोपेल’ घालून तरुण विहिरीत उड्या मारतात. योहानाने आईच्या पोटात असताना आनंदाने उडी मारली, या बायबलातल्या कथेशी ती उडी जोडली जाते. आणि मुंबईत टिळकांचे सहकारी, 1916 मध्ये होमरूल लीगचे अध्यक्ष झालेले जोसेफ ऊर्फ ‘काका’ बाप्टिस्टा आठवा. त्यांच्याकडे तोच शब्द आडनाव होऊन बसला आहे. एकच शब्द फ्रान्समध्ये नावाचा अर्धा भाग आणि मुंबईत आडनाव. ‘बाप्टिस्टा’ किंवा ‘बातिस्त’ दिसलं की तो नावाच्या कुठल्या खणात टाकायचा हे शब्द स्वतः सांगत नाही, गाव आणि काळ सांगतो.

रेघेवर किती विसंबायचं?

आजच्या फ्रेंच पद्धतीत नियम स्पष्ट आहे. जोडनावात संयोगचिन्ह येतं आणि वेगवेगळी नावं वेगळी लिहितात. आद्याक्षरं करतानाही रेघ ठेवतात, म्हणजे आपल्या लिपीत ‘ज्याँ.-बा. लॅमार्क’ असं काहीसं.

पण आता 1809 चा लॅमार्कचा ‘फिलॉसोफी झूलॉजिक’ उघडा. मुखपृष्ठावर त्याची चार आद्याक्षरं आहेत, ज्याँ, बातिस्त, पिएर, आंत्वान यांची, आणि चारही एकमेकांना रेघांनी जोडलेली आहेत. मग काय, त्याचं नाव चार शब्दांचं जोडनाव होतं? नाही. त्या काळच्या छपाईत सगळीच पाळण्यातली नावं रेघांनी जोडायची रीत होती. म्हणजे आज रेघ दिसली तर ‘हे एक नाव आहे’ आणि 1809 मध्ये रेघ दिसली तर ‘ही याची सगळी नावं आहेत, आडनाव पुढे आहे’. चिन्ह तेच, पण अर्थ काळाप्रमाणे बदलला.

त्यात आणखी एक भर. फ्रेंच माणूस नोंदलेल्या नावांपैकी कुठलंही नाव रोजच्या वापरासाठी निवडू शकतो. फूरिएचं पूर्ण नाव ज्याँ-बातिस्त जोझेफ, पण तो ओळखला जातो जोझेफ म्हणून. पेरँने ‘बातिस्त’ सोडून दिला आणि नुसता ज्याँ राहिला. एकोणिसाव्या शतकातल्या फ्रेंच लेखांवर तर नावाआधी नुसता ‘एम.’ दिसतो. ते आद्याक्षर नाही बरं का, ते ‘मस्य’, म्हणजे आपलं ‘श्री.’ फूरिएच्या 1822 च्या उष्णतेवरच्या ग्रंथावर हेच आहे. त्याला ‘एम. फूरिए’ म्हणून सूचीत टाकलं तर एक नवाच शास्त्रज्ञ जन्माला घातला असं होईल.

मग तुम्ही काय करायचं?

चार गोष्टी सांगतो, वहीत लिहून ठेवा.

एक, आद्याक्षरं करण्याआधी पूर्ण नाव शोधा. संयोगचिन्ह असेल तर ते तुमच्या संदर्भसूचीतही जपा. सॉफ्टवेअर ते खातं, म्हणून शेवटचा हात डोळ्यांनी फिरवा.

दोन, शोधताना रेघेसह, रेघेशिवाय आणि दुसऱ्या भाषेतल्या रूपाने, असं तीनदा शोधा.

तीन, नावाबरोबर जन्म-मृत्यूची वर्षं ठेवा. रसायनशास्त्रज्ञ द्युमा (1800–1884) आणि कादंबरीकार द्युमा (1802–1870) एकाच काळातले आहेत. नुसतं आडनाव तुम्हाला वाचवणार नाही.

चार, आपल्या नावाचाही विचार आत्ताच करा. पहिला शोधनिबंध छापून यायच्या आधी ठरवा की वडिलांचं किंवा आईचं नाव घालायचं का, पूर्ण की आद्याक्षर. एकदा ठरवलं की प्रत्येक ठिकाणी तेच लिहा. ‘ऑर्किड’ क्रमांक काढून ठेवा. फ्रेंच संगणकाला आपलं ‘गोविंद’ हे वडिलांचं नाव आहे हे कळत नाही, जसं आपल्याला ‘बातिस्त’ कळत नव्हतं.

वनस्पतिशास्त्रज्ञांनी यावर तोडगा काढलाय. प्रत्येक नामकर्त्याला एक ठरलेलं संक्षिप्त रूप. शेवग्याचं शास्त्रीय नाव ‘मोरिंगा ओलीफेरा लॅम.’ आणि फणसाचं ‘आर्टोकार्पस हेटेरोफायलस लॅम.’ असं लिहितात. त्यातला ‘लॅम.’ म्हणजे आपला लॅमार्क. घोळ मिटला, पण ज्याँही गेला आणि बातिस्तही गेला.

जाता जाता, या नावाची मूळ गोष्टच नावाच्या वादाची आहे. लूकच्या शुभवर्तमानात बाळ जन्मल्यावर नातेवाईक म्हणतात, वडिलांचंच नाव ठेवू, जखऱ्या. आई म्हणते, योहान. नातेवाईक म्हणतात, हे नाव तर तुमच्या नात्यात कुणाचंच नाही. शेवटी बोलता न येणारा बाप पाटी मागवतो आणि त्यावर लिहून देतो की याचं नाव योहान आहे. वाद तिथेच मिटतो, कारण आता लेखी नोंद झालेली असते.