राखीव जागा आणि रिकामी खुर्ची



सरकारी नोकरीत राखीव जागा आहेत, हे आपल्या घरातल्या लहान पोरालाही ठाऊक असते. पण कागदावर राखलेली जागा प्रत्यक्ष भरली केव्हा जाते, हे फार थोडे लोक विचारतात. जागा नाकारण्याचे दोन मार्ग आहेत. एक, तोंडावर 'नाही' म्हणणे. दुसरा, 'हो, हो' म्हणत वर्षानुवर्षे घोंगडे भिजत ठेवणे. पहिल्याविरुद्ध आपल्या वाडवडिलांनी लढा दिला. दुसऱ्याविरुद्धचा लढा अजून संपलेला नाही. त्याचा इतिहास थोडक्यात सांगतो.

२६ जुलै १९०२ रोजी राजर्षी शाहू महाराजांनी करवीर संस्थानात हुकूम काढला. हुकूम पोहोचल्या तारखेपासून रिकाम्या होणाऱ्या जागांपैकी ५० टक्के जागा मागासलेल्या वर्गांतून भरायच्या. एवढ्यावर महाराज थांबले नाहीत. केलेल्या नेमणुकांचा तक्ता प्रत्येक खातेप्रमुखाने दर तीन महिन्यांनी पाठवावा, हेही त्याच हुकमात होते. हिशेब मागितल्याशिवाय हुकूम अमलात येत नाही, हे त्या राजाने ओळखले होते.

ब्रिटिश सरकारने १९३४ साली नोकऱ्यांबाबत ठराव केला. मुसलमानांना २५ टक्के, इतर अल्पसंख्याकांना ८.३३ टक्के वाटा ठरला. अस्पृश्यांसाठी आकडाच नाही, नुसते गोड शब्द. बोलाचीच कढी अन् बोलाचाच भात! परमपूज्य बाबासाहेब १९४२ साली व्हाइसरॉयच्या कार्यकारी मंडळात मजूरमंत्री झाले. त्याच वर्षी ऑक्टोबरात त्यांनी अस्पृश्यांच्या गाऱ्हाण्यांचे निवेदन सरकारला दिले. १९४३ साली आपल्याला ८.३३ टक्के मिळाले, १९४६ साली त्याचे १२.५ टक्के झाले. पुढे राज्यघटनेच्या १६ व्या कलमाने समान संधीचा हक्क दिला आणि राखीव जागांना घटनेचा आधार मिळाला.

आकडा मिळाला, पण जागा रिकाम्याच राहू लागल्या. 'लायक उमेदवार मिळाला नाही' असा शेरा मारला की काम झाले. म्हणून न भरलेल्या राखीव जागा दोन वर्षे पुढे ओढण्याचा नियम केंद्राने केला. त्या नियमाने एका भरतीत ४५ पैकी २९ जागा राखीव झाल्या, तेव्हा देवदासन खटल्यात सर्वोच्च न्यायालयाने १९६३ साली तो नियम रद्द केला. पाच न्यायमूर्तींपैकी एकटे सुब्बा राव विरोधात उभे राहिले. १९९२ च्या मंडल निकालातही ५० टक्क्यांची मर्यादा कायम राहिली. अखेर २००० साली ८१ वी घटनादुरुस्ती झाली. मागच्या वर्षांचा अनुशेष ही वेगळी बाब मानायची, तो चालू वर्षाच्या ५० टक्क्यांत मोजायचा नाही, असे ठरले. रिकाम्या खुर्चीचा हिशेब घटनेत यायला पन्नास वर्षे लागली!

आता निवड यादीचे पाहू. यादीत नाव आले म्हणजे नोकरी मिळाली, असे आपण पेढे वाटून मोकळे होतो. कायदा तसे म्हणत नाही. शंकरसन दाश खटल्यात १९९१ साली घटनापीठाने सांगितले की, यादीत नाव आले म्हणून नेमणुकीचा पक्का हक्क मिळत नाही. पण सरकारलाही मनमानी करता येणार नाही. जागा न भरण्यास प्रामाणिक कारण हवे. ७ नोव्हेंबर २०२४ च्या घटनापीठाने हेच पुन्हा सांगितले. शिवाय, मूळ नियमांत किंवा जाहिरातीत तशी मुभा नसेल तर भरती सुरू झाल्यावर पात्रतेच्या अटी मध्येच बदलता येणार नाहीत, असाही निर्णय दिला.

राहता राहिला वेळ. खालच्या कोर्टांतल्या न्यायाधीशांच्या भरतीसाठी सर्वोच्च न्यायालयाने २००७ साली वेळापत्रकच आखून दिले: जाहिरात केव्हा, परीक्षा केव्हा, नेमणूक केव्हा. न्यायाधीशासाठी जे जमते ते तलाठ्यासाठी, शिपायासाठी का जमू नये? गिरणीत बदली कामगार सकाळी पास घेऊन खात्याच्या दारात उभा राहायचा. काम आहे की नाही, हे त्याला तासाभरात कळायचे. आपल्या पदवीधर पोरांना ते वर्ष वर्ष कळत नाही. फाईल जागेवर राहते, वय मात्र पुढे जाते. वयोमर्यादा ओलांडली की मग कोर्टात न्याय मिळूनही काय उपयोग? वरातीमागून घोडे!

म्हणून नुसते हळहळू नका. जाहिरातीचे कात्रण, अर्जाची पावती, प्रवेशपत्र, निकाल, सगळे जपून ठेवा. माहितीचा अधिकार २००५ पासून आहे. दहा रुपयांच्या अर्जावर किती पदे मंजूर, किती रिक्त, अनुशेष किती, बिंदुनामावली तपासली केव्हा, हे विचारा. ३० दिवसांत उत्तर देणे त्यांना बंधनकारक आहे.

आणि आपल्या विहारात एक वही ठेवू या. वस्तीतल्या कोणत्या मुलामुलीने कधी अर्ज केला, परीक्षा कधी झाली, यादी कधी लागली, नेमणूक कधी मिळाली, हे दर तीन महिन्यांनी लिहू या. शाहू महाराजांनी मागितलेला तक्ता खातेप्रमुख भरोत न भरोत, आपण भरू.

जय भीम!