‘रणदुंदुभि’मधील तेजस्विनी : मास्टर दीनानाथ आणि वऱ्हाडचा नाटककार

मराठी संगीत रंगभूमीच्या इतिहासात वऱ्हाडचा उल्लेख बहुधा नाटक मंडळ्यांच्या मुक्कामाचा प्रांत एवढ्यापुरताच येतो. अमरावती, अकोला या कापसाच्या पेठा मंडळ्यांना उत्पन्न देणाऱ्या होत्या, हे खरेच. परंतु या प्रांताने रंगभूमीला नाटककारही दिले. मास्टर दीनानाथ मंगेशकर यांच्या कारकिर्दीचा विचार करताना ही बाब विशेषत्वाने लक्षात घ्यावी लागते.

दीनानाथांचा जन्म १९०० साली गोव्यातील मंगेशी येथे झाला. किर्लोस्कर नाटक मंडळी सोडून १९१८ साली त्यांनी चिंतामणराव कोल्हटकर व कृष्णराव कोल्हापुरे यांच्यासह बळवंत संगीत मंडळी स्थापन केली, तेव्हा त्यांचे वय अवघे सतरा होते. गडकऱ्यांच्या ‘भावबंधन’मधील लतिकेने त्यांना कीर्ती दिली. तथापि त्यांचा गळा बालगंधर्वांच्या लडिवाळ वळणाचा नव्हता. तार सप्तकात झेपावणारी आक्रमक तान आणि पंजाबी ढंगाची फिरत ही त्यांच्या गायकीची लक्षणे होत. अशा गळ्याला शोभेल अशी स्त्रीभूमिका लिहिली जाणे आवश्यक होते.

ती लिहिली अमरावतीच्या वीर वामनराव जोशी यांनी. स्वातंत्र्यलढ्यात कारावास भोगलेल्या या नाटककाराचे ‘रणदुंदुभि’ १९२७ साली बळवंत मंडळीने रंगभूमीवर आणले. दीनानाथ त्यात तेजस्विनी झाले. १८७६ च्या नाट्यप्रयोग कायद्याची टांगती तलवार होतीच. खाडिलकरांच्या ‘कीचकवध’वर १९१० साली बंदी आली होती. पारतंत्र्याची वेदना कथानकाच्या आडून आणि पदांतून मांडण्याचा मार्ग वामनरावांनी अवलंबिला. नायिकेच्या मुखी आर्जवाऐवजी आवेश आला आणि दीनानाथांच्या गळ्याला आपले क्षेत्र सापडले.

मात्र येथे एक सावधगिरी आवश्यक वाटते. ऑस्ट्रियाच्या अमलाखालील मिलान शहरात १८४२ साली व्हेर्दीचा ‘नाबुक्को’ हा ऑपेरा झाला. त्यातील गुलामांच्या समूहगीताने पहिल्याच रात्री देशभक्तीचा उद्रेक झाला, ही कथा उत्तरकाळात रचली गेली, असे अलीकडील संशोधकांचे मत आहे. ‘रणदुंदुभि’च्या प्रत्येक वन्समोअरलाही राष्ट्रभक्तीचा पुरावा मानणे धाडसाचे होईल. काही टाळ्या निखळ तानेला असणार, आणि त्यात उणेपणा तो कोणता? प्रेक्षक गाणे ऐकावयासच आला होता. विचार त्याच्यापर्यंत गाण्याबरोबर पोहोचला.

१९३१ साली याच मंडळीने सावरकरांचे ‘संन्यस्त खड्ग’ केले. पुढे बोलपट आला; दीनानाथ चित्रपटनिर्मितीकडे वळले, ‘कृष्णार्जुन युद्ध’ (१९३४) काढले आणि मंडळीही टिकली नाही. १९४२ साली पुण्यात, वयाच्या एकेचाळिसाव्या वर्षी त्यांचे निधन झाले. वामनराव १९५६ पर्यंत हयात होते. ‘रणदुंदुभि’ची पदे ध्वनिमुद्रिकांमुळे आजही ऐकावयास मिळतात. ती ठाऊक असलेले विद्यार्थी वर्गात भेटतात. त्यांचा कर्ता आपल्या अमरावतीचा होता, हे मात्र त्यांना सांगावे लागते.