पेटीतले रोखे, घरातला शब्द

विरारहून लोकल पकडली की मला एक तारीख हटकून आठवते : १२ एप्रिल १८६७. त्या दिवशी विरारहून मुंबईकडे पहिली लोकल गेली, ती 'बॅकबे' नावाच्या स्थानकात. चर्चगेट स्थानक तेव्हा झालेच नव्हते. आणि त्या बॅकबेच्या नावाने दोनच वर्षांपूर्वी मुंबईतली कित्येक घरे बुडाली होती.

१८६१ साली अमेरिकेत यादवी युद्ध पेटले. तिथल्या दक्षिणेची बंदरे अडवली गेली, लँकेशायरच्या गिरण्यांना कापूस मिळेना, आणि त्यांनी मुंबईकडे धाव घेतली. शहरात पैशाचा पूर आला. बॅकबेचा समुद्र हटवून जमीन करणाऱ्या कंपनीच्या शेअरांवर लोक तुटून पडले. १८६५ मध्ये युद्ध संपले आणि कापसाचा भाव कोसळला. २८५० रुपयांपर्यंत चढलेला बँक ऑफ बॉम्बेचा शेअर ८७ रुपयांवर आला.

त्याच अमेरिकी दक्षिणेतल्या एका घराची गोष्ट सांगणारा 'द लिटल फॉक्सेस' हा १९४१ चा हॉलिवूडपट मी पाहिला, तेव्हा मला आपली मुंबई आठवली. दिग्दर्शक विल्यम वायलर, नायिका बेट डेव्हिस. दोघा भावांना कापसाची गिरणी काढायची असते. भांडवल कमी पडते, म्हणून मेहुण्याच्या पेटीतले रेल्वेचे रोखे त्याच्याच बँकेत काम करणाऱ्या पुतण्याकरवी लांबवले जातात. चोरी घरात कळते. पण ती घर सावरण्यासाठी कोणी उघड करत नाही. बहीण तिचा उपयोग भावांकडून मोठा वाटा उकळण्यासाठी करते. नवरा हृदयविकाराने तडफडत असता औषध आणायलाही ती उठत नाही. शेवटी मुलगी घर सोडून जाते.

आपल्याकडे याच कापसाने घात केला, तेव्हा वेगळेही घडले. तरुण जमशेटजी टाटा तेव्हा लंडनमध्ये होते. हातातल्या हुंड्यांना किंमत उरली नव्हती. त्यांनी धनकोंना सारी हकीकत उघड सांगितली. धनकोंनी त्यांनाच महिना वीस पौंडांवर हिशेब मिटवण्याच्या कामी नेमले. इकडे वडील नसरवानजींनी देणी भागवण्यासाठी घर विकले. डॉ. भाऊ दाजी लाड यांचीही पुंजी त्या सट्ट्यात गेली. पत मात्र गेली नाही. पुढे १८६९ आणि १८७१ साली ते मुंबईचे शेरीफ झाले.

मित्रहो, आमच्या वसईच्या घरातही असा प्रसंग येऊन गेला. वाडीचा एक तुकडा विकून आलेली रक्कम धाकट्या काकांनी दामदुप्पट देणाऱ्या एका माणसाकडे ठेवली. तो पसार झाला. काकांनी ते कोणाला सांगितले नाही. व्याज म्हणून दर महिन्याला स्वतःच्या पगारातले पैसे आजीच्या हातावर ठेवत राहिले. वर्षभराने बिंग फुटले. वडील संतापले, भांड्याला भांडे लागले. आजी मात्र काकांजवळ बसून एवढेच म्हणाली, "पैसे गेले ते गेले. पण वर्षभर हे एकट्याने गिळलंस कसं रे?"

त्या रात्री सगळे एका पंगतीत जेवले. वाडीचा तुकडा परत आला नाही, पण घर दुभंगले नाही.