चांदीवरचे चित्र

लक्ष्मीपूजनासाठी चांदीची नाणी उजळायला घेतली, की मला जुन्या चित्रपटांची आठवण होते. काळ्या-पांढऱ्या फितीवरले चित्र चांदीच्या कणांनीच उमटलेले असते. त्या चांदीच्या लोभापायी आपल्याकडे कितीतरी फिती मोडीत निघाल्या. काही दमटपणाने सडल्या, काही आगीत गेल्या. १९३१ सालचा ‘आलम आरा’ हा आपला पहिला बोलपट; त्याची एकही प्रत उरलेली नाही. उलट आमच्या नगरचे शाहू मोडक १९४० साली प्रभातच्या ‘संत ज्ञानेश्वर’मध्ये माऊली झाले, ते आजही पाहता येतात. ती फीत टिकली म्हणून!

पुण्याला १९६४ साली राष्ट्रीय चित्रपट संग्रहालय निघाले. तिथे पी. के. नायर यांनी दादासाहेब फाळक्यांच्या फिती जमवल्या. १९१३ च्या ‘राजा हरिश्चंद्र’ची म्हणून त्यात दोन रिळे आहेत, पण ती १९१७ साली पुन्हा केलेल्या चित्रपटाची असावीत, असे काही जाणकार मानतात.

परवा शाळेत फाळक्यांवरचा एक माहितीपट दाखवला. पडद्यावर फाळके फीत तपासत होते. सातवीतला एक मुलगा म्हणाला, “गुरुजी, हे खरे फाळके, की सोंग?”

“खरेच. आपले काम त्यांनी स्वतःच चित्रित करून ठेवले होते.”

मग हरिश्चंद्र आला. खाली नुसते १९१३. मी चित्र थांबवले आणि मुलांना तो वाद सांगितला.

फीत जपणे संग्रहालयाचे काम. ती वापरताना साल खरे सांगणे चित्रपट करणाऱ्याचे. नाणे जरूर उजळावे, पण त्यावरले साल पुसू नये.