तारेखालची जमीन

टेंभी नाक्यावरून थोडं पुढं चाललं की ठाण्याची कलेक्टर कचेरी लागते, आणि जिल्हा न्यायालयही तिथंच जवळ. शहापूर, मुरबाड, भिवंडीकडच्या शेतकऱ्याला हा नाका ठाऊक, एक तर नवरात्रातल्या देवीमुळं, नाहीतर जमिनीच्या कागदामुळं. 2014 साली पालघर वेगळा झाला, तोवर जव्हार-मोखाड्याचा माणूससुद्धा इथंच यायचा. जमिनीच्या कागदांत एक प्रकार होता तारेच्या हरकतीचा.

आमच्या ठाणे जिल्ह्यावरून मुंबईची वीज जाते. 1915 ला टाटांच्या खोपोलीच्या वीजघरातून मुंबईला वीज गेली. पुढं मुळशीच्या धरणाला मावळ्यांनी विरोध केला, सेनापती बापट त्यात तुरुंगात गेले. धरणाची गोष्ट इतिहासात आली, कारण धरण जमीन बुडवतं, सगळ्यांना दिसतं. तार जमीन बुडवत नाही. ती वरून जाते. म्हणून तिचा सत्याग्रह झाला नाही, नुसते अर्ज झाले. 1999 ला चंद्रपूरहून आमच्या पडघ्यापर्यंत 752 किलोमीटरची 500 किलोव्होल्टची लाइन चालू झाली. एवढ्या लांबीत किती खाचरं आली असतील, बघा.

हरकतीचा कायदा मात्र विजेचा नाहीच, तो तारायंत्राचा. 1885 चा. तारेचा खांब कुणाच्याही जमिनीत रोवायचा अधिकार इंग्रजांनी तारखात्याला दिला, आणि तोच अधिकार पुढं 1910 च्या वीज कायद्यानं विजेच्या लाइनीलाही देता येऊ लागला. 2003 च्या कायद्यातही कलम 164 मध्ये तो आहेच. त्यात जमीन घेत नाहीत, फक्त वापराचा हक्क घेतात. सातबारा तुमच्याच नावावर, शेतसारा तुम्हीच भरायचा. नुकसान कमीत कमी करावं आणि झालेल्या नुकसानीची पूर्ण भरपाई द्यावी, असं कलम 10 म्हणतं. पण तारेखाली घर बांधता येत नाही, आंबा वाढवता येत नाही. 400 किलोव्होल्टच्या लाइनीखाली साधारण 46 मीटरचा पट्टा असा बांधला जातो. वर्षानुवर्षं भरपाई धरली जायची ती तोडलेल्या झाडांची आणि उभ्या पिकाची.

अशीच एक लाइन आमच्या खाचरात आली तेव्हा मी वडलांबरोबर नाक्यावरच्या एका वकिलांकडं गेलो. वडलांचं एकच म्हणणं, "वकीलसाहेब, माझी संमती नाही."

वकील म्हणाले, "दादा, संमती कुणी मागितलीच नाही. तुम्ही अडवलं तर ते कलेक्टरकडं जातील, आणि कलेक्टरनं हुकूम दिला की मग अडवणं गुन्हा. पैसे कमी वाटले तर जिल्हा न्यायाधीशाकडं जा. कलम 16 एवढंच."

म्हणजे दोन्ही दारं या नाक्याजवळच, एक अडवायचं आणि एक पैशाचं. वडील पहिल्या दारात उभे राहिले, सुनावणीला गेले, बोलले. हुकूम निघाला. दुसऱ्या दारानं झाडांचे पैसे थोडे वाढले. वडील ते पैसे कधी मोजत बसले नाहीत.

2007 साली सर्वोच्च न्यायालयानं केरळच्या एका खटल्यात सांगितलं की जमीन कुठं आहे, तार तिच्यावरून कशी जाते, हेही भरपाईत बघावं लागेल. मालकाच्या संमतीची गरज नाही, हे 2016 ला पुन्हा पक्कं झालं. त्या दोन्हीच्या मधे, 2015 ला केंद्रानं ठरवलं की मनोऱ्याच्या चार पायांमधल्या जागेला जमिनीच्या किमतीच्या 85 टक्के आणि तारेखालच्या पट्ट्याला जास्तीत जास्त 15 टक्के द्यावेत. 2024 ला तेच 200 आणि 30 टक्के झालं. मला विचाराल तर हे आकडे कुण्या साहेबाला आपोआप सुचलेले नाहीत. गावोगावच्या लोकांनी कामं अडवली, तेव्हा वाढले.

1885 च्या कायद्यात कलम 17 पण आहे. मालकाला जमीन वेगळ्या कामाला लावायची असेल तर तार हलवा म्हणून तो सांगू शकतो, ठरलेले पैसे भरून. आमच्या भागात कुणी ते वापरल्याचं मी ऐकलेलं नाही. त्या वकिलांनीही सांगितलं नव्हतं, मीच पुढं वाचून काढलं.

आमचा मनोरा जुना, त्याला नव्या टक्केवारीचा काही उपयोग नाही. त्याच्या चार पायांत पॉवर टिलर वळत नाही. तेवढा तुकडा आम्ही अजून फावड्यानंच चिखलून लावतो.