कुसळी गवत
(शास्त्रीय नाव: हेटेरोपोगॉन कंटॉर्टस, कुल: पोएसी). झुबक्यांनी वाढणारे बहुवर्षायू गवत. भारतासह उष्ण व उपोष्ण प्रदेशांत आढळते. महाराष्ट्रातील माळरानांवर, डोंगरउतारांवर व मुरमाड जमिनीत विपुल. उंची साधारण एक मीटरपर्यंत. पानांची आवरके चपटी, कणायुक्त. कणिश टोकाला, एकेरी. त्यातील खालच्या कणिशकांना कुसळे नसतात. वरची बिनदेठाची कणिशके स्त्रीलिंगी असून त्यांनाच लांब, तपकिरी, पीळदार कुसळे येतात. पिकल्यावर ती एकमेकांत गुंतून त्यांचा गुंता होतो.

या गवताची खरी करामत कुसळातच आहे. ओलाव्याने त्याचा पीळ सुटतो, कोरडे होताच पुन्हा वळतो. या फिरण्याने दाण्याचे अणकुचीदार टोक गिरमिटासारखे मातीत शिरते. टोकावरचे राठ केस उलट्या दिशेने असल्याने दाणा मागे सरकत नाही. वणव्यातही जमिनीलगतचा बुंधा सहसा तगतो आणि पावसाळ्यात फुटतो.

फुलोऱ्यापूर्वी चारा म्हणून उपयुक्त. नंतर मात्र कुसळे जनावरांच्या तोंडात रुततात, मेंढ्यांची लोकर खराब करतात, कातडीतही घुसतात. म्हणून चाऱ्यासाठी कापणी कुसळे धरण्यापूर्वीच करावी. वाळलेले गवत छपरे शाकारण्यास वापरतात.